गोगलगायींची बातमी जुलैत नको, रोहिणीत हवी

मा. संपादक यांस,
सप्रेम नमस्कार.

गेली काही वर्षे जुलै उजाडला की आपल्या जिल्हा पुरवणीत एक बातमी ठरल्याप्रमाणे येते. गोगलगायींनी सोयाबीनची कोवळी रोपे फस्त केली, शेतकरी हवालदिल झाले, दुबार पेरणीची वेळ आली, आणि सोबत ओंजळभर गोगलगायींचे छायाचित्र. बातमीत खोटे काही नसते. मी स्वतः रेणापूर तालुक्यात सोयाबीन घेतो, आणि २०२२ च्या खरिपात बांधालगतचे माझे पीक दोन रात्रींत गेले. त्या वर्षी लातूर, बीड आणि तेव्हाचा उस्मानाबाद या तिन्ही जिल्ह्यांत एवढी हानी झाली की शासनाला खास गोगलगायींच्या नुकसानीपोटी भरपाई मंजूर करावी लागली. माझी तक्रार बातमीच्या खरेपणाबद्दल नाही, तिच्या वेळेबद्दल आहे. ज्या दिवशी ती छापून येते त्या दिवसापर्यंत गोगलगायींची अंडी जमिनीत गेलेली असतात, आणि वाचकाच्या हाती जो उपाय उरतो तो महागडा, विषारी आणि अर्धामुर्धा असतो. मी आयुष्यभर प्राणिशास्त्र शिकवले आणि आता निवृत्तीनंतर गावी शेती पाहतो, म्हणून या प्राण्याचा जीवनक्रम थोड्या विस्ताराने मांडण्याची परवानगी मागतो. तो एकदा नीट समजला की बातमी केव्हा हवी हे वेगळे पटवून द्यावे लागणार नाही.

आपल्या बातम्यांत 'गोगलगाय' एवढाच शब्द असतो, जणू तो एकच प्राणी आहे. महाराष्ट्रात जमिनीवर राहणाऱ्या गोगलगायींच्या अनेक जाती आहेत आणि त्यांतल्या बहुतेकांचा आपल्या पिकाशी काडीचा संबंध नाही. मराठवाड्यात सोयाबीन कुरतडणारी मुख्य जात ही आफ्रिकन मोठी गोगलगाय, जिला कृषी खात्याची माणसे 'शंखी गोगलगाय' म्हणतात. तिचे शास्त्रीय नाव पूर्वी अकॅटिना फुलिका होते, आता लिसॅकॅटिना फुलिका असे लिहितात. पूर्ण वाढलेल्या गोगलगायीचा शंख साधारणपणे ५ ते १० सेंटीमीटर लांब असतो, आणि क्वचित तो २० सेंटीमीटरपर्यंतही जातो. आकार भोवऱ्यासारखा, एका टोकाला निमुळता. रंग मातकट तपकिरी, त्यावर फिक्या आणि गडद उभ्या पट्ट्या.

ही जात भारतात कशी आली याची नोंद विलक्षण नेमकी आहे. विल्यम हेन्री बेन्सन हे ईस्ट इंडिया कंपनीच्या बंगालमधील सेवेत होते आणि शंखधारी प्राण्यांचे मोठे अभ्यासक होते; आपल्याकडच्या कितीतरी मूळ गोगलगायींना शास्त्रीय नावे त्यांनीच दिली. १८४७ साली त्यांनी मॉरिशसहून काही जिवंत गोगलगायी कलकत्त्याला आणल्या आणि त्या चौरंगी भागातल्या एका बागेत सुटल्या. मॉरिशसमध्येही ती परकीच होती. तिचे मूळ घर पूर्व आफ्रिकेचा किनाऱ्याकडचा भाग, तिथून मादागास्कर, तिथून मॉरिशस आणि मग कलकत्ता असा तिचा प्रवास झाला, आणि या प्रवासात समुद्र ओलांडण्याचे प्रत्येक काम माणसाने तिच्यासाठी केले. पुढे रोपांच्या कुंड्या, भाजीपाल्याची पोती, शेणखताच्या गाड्या, विटा-वाळूचे ट्रक यांतून ती देशभर पसरली. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात जपानी सैन्याबरोबर खाण्याचा पदार्थ म्हणून ती आग्नेय आशिया आणि पॅसिफिकमधील अनेक बेटांवर गेली. जगातल्या सर्वांत उपद्रवी १०० परक्या जातींच्या आंतरराष्ट्रीय यादीत आज तिचे नाव आहे.

'गोगलगाय आणि पोटात पाय' ही म्हण आपण दिसायला गरीब पण आतून बेरकी माणसासाठी वापरतो. शरीररचनेच्या दृष्टीने ती शब्दशः खरी आहे आणि ज्याने कोणी ती पहिल्यांदा उच्चारली त्याने हा प्राणी उलटा करून नीट पाहिला असला पाहिजे. गोगलगायीचे पोट आणि पाय हे खरोखरच एकावर एक आहेत. शास्त्रातही या वर्गाला 'उदरपाद' असेच नाव आहे. मी विद्यार्थ्यांना एक गोष्ट नेहमी करायला लावीत असे. हातमोजे घालून एक गोगलगाय स्वच्छ काचेच्या तुकड्यावर ठेवायची, काच उभी धरायची आणि मागच्या बाजूने पाहायचे. तळव्यावरून मागून पुढे सावलीसारख्या पट्ट्या एकामागून एक सरकत जातात. त्या म्हणजे स्नायूंच्या आकुंचनाच्या लाटा, आणि चालणे म्हणतात ते एवढेच. काचेला पिठाच्या पातळ खळीचा हात दिला असेल तर थोड्या वेळाने तोंड उघडते, आतून एक इवलीशी फिकट जीभ बाहेर येते, काचेवरून वर ओढली जाते आणि परत आत जाते. त्या जिभेवर हजारो सूक्ष्म दात ओळीने बसवलेले असतात. खळीवर कानशीने घासल्यासारखी स्वच्छ रेघ उमटते. तोच प्राणी जेव्हा दोन पानांवर आलेल्या सोयाबीनच्या रोपापाशी पोहोचतो तेव्हा त्या कोवळ्या दांड्याचे काय होत असेल, हे मग सांगावे लागत नाही.

डोक्यावर शिंगांच्या दोन जोड्या असतात. वरच्या लांब जोडीच्या टोकाला डोळे, आणि खालची आखूड जोडी वास-चवीसाठी. डोळ्यांना उजेड-अंधाराहून फारसे काही कळत नाही; तिचा खरा संसार वासावर आणि ओलीवर चालतो. म्हणूनच ती रात्री निघते, पहाटे परतते, आणि पुष्कळदा त्याच दगडाखाली, त्याच भिंतीच्या सांदीत परतते. शेतकऱ्याच्या दृष्टीने तिच्या स्वभावातली ही सर्वांत उपयोगी गोष्ट आहे, आणि तिचा आपण फारच थोडा उपयोग करतो.

आता अंड्यांविषयी. ही गोगलगाय उभयलिंगी आहे. प्रत्येकीत नर आणि मादी दोन्ही इंद्रिये असतात. साधारणपणे दोघींचा मिलाप व्हावा लागतो, पण तो झाल्यानंतर दोघीही अंडी घालू शकतात, आणि मिळालेले शुक्राणू शरीरात बराच काळ साठवून ठेवून पुन्हा मिलाप न होताही पुढे अंडी घालू शकतात. म्हणजे दुसऱ्या गावाहून खताच्या गाडीतून आलेली एकटी गोगलगायसुद्धा नव्या वस्तीची मूळ ठरू शकते. पहिल्या वर्षी एका वेळेस शंभराच्या आसपास आणि मोठेपणी ४०० पर्यंत अंडी ती घालते, आणि वर्षात असे अनेक वेळा करते. अनुकूल हवेत वर्षाकाठी हजार-बाराशे अंडी सहज होतात. आयुष्य साधारण ५ ते ६ वर्षांचे, आणि जन्मल्यापासून वर्षाच्या आतच ती अंडी घालायला तयार होते.

मी पहिल्यांदा ही अंडी पाहिली ती शेतात नव्हे, घराच्या परसात. एका रोपवाटिकेतून आणलेल्या मोसंबीच्या कलमाची पिशवी लावण्यासाठी फाडली, तर मुळांशेजारच्या मातीच्या ढेकळात भिजवलेल्या साबुदाण्यासारखा एक पुंजका होता. दाणे चार-पाच मिलिमीटरचे, किंचित पिवळसर, एकमेकांना हलकेच चिकटलेले, बोटांत धरल्यावर पातळ चुनखडी कवच जाणवणारे. काडीने मोजले तर पावणेदोनशेच्या वर भरले. रोपवाटिकेच्या मालकांना दाखवले तेव्हा त्यांनी ते खताचे दाणे असतील असे सांगितले, आणि मला वाटते त्यांना खरोखरच तसे वाटत होते. त्यांतले पाच-सहा दाणे मी ओल्या मातीसह बरणीत ठेवले. आठवडाभरात त्यांतून मुगाएवढ्या गोगलगायी बाहेर आल्या, शंख इतका पातळ की आतले अवयव दिसावेत, आणि त्यांनी सर्वप्रथम स्वतःच्या अंड्याचे कवच खाऊन टाकले. शंख वाढवायला चुना लागतो आणि तो त्यांना जन्मतःच हवा असतो. पावसाळ्यात घराच्या जुन्या पांढऱ्या रंगाच्या भिंतींवर रात्री गोगलगायी चढलेल्या दिसतात आणि सकाळी चुन्यावर नागमोडी खरवडे उमटलेले असतात, त्याचे कारण हेच. त्यानंतर मी बाहेरून आणलेली एकही पिशवी मुळे आणि माती तपासल्याशिवाय जमिनीत लावलेली नाही, आणि जे वाचक फळबागेसाठी किंवा कुंडीसाठी रोपे घेतात त्यांनीही लावू नये.

मराठवाड्यातल्या पुष्कळ माणसांना एक प्रश्न पडतो आणि तो रास्त आहे. एवढा ओलीचा लोभी प्राणी आमच्या एप्रिल-मेच्या उन्हात जगतो कसा? जमीन भेगाळते, विहिरी तळाला जातात, पारा चाळिशी ओलांडतो, आणि तरी मृगाच्या, म्हणजे जूनच्या पूर्वार्धातल्या, दुसऱ्या पावसाला गोगलगायी कुठूनशा हजर होतात. लोक मग म्हणतात की त्या पावसाबरोबर पडल्या. त्या पडत नाहीत; त्या तिथेच असतात. हवा कोरडी होऊ लागली की गोगलगाय बांधाच्या भुसभुशीत मातीत, दगडांच्या ढिगाखाली, विहिरीच्या दगडी बांधकामाच्या सांदीत, कडब्याच्या गंजीच्या तळाशी किंवा उसाच्या पाचटाखाली जाऊन बसते, अंग पूर्ण आत ओढून घेते आणि शंखाच्या तोंडावर चिकट स्रावाचा एक पापुद्रा ओढते. त्यात चुन्याचा अंश असल्याने तो वाळून कागदासारखा कडक होतो. आत हृदयाचे ठोके मंदावतात, खाणेपिणे बंद. अशा स्थितीत ती महिनोन्महिने राहू शकते. मांजरा नदीच्या पाण्यावर ऊस वाढला, ठिबकच्या नळ्यांखाली बारमाही ओल राहू लागली, तेव्हापासून तिची ही उन्हाळी झोप अधिकच सुखाची झाली आहे, असे माझे निरीक्षण आहे. ज्यांचे सोयाबीन उसाच्या किंवा कालव्याच्या कडेला आहे त्यांचे नुकसान आधी आणि अधिक होते, हे गावातला कोणीही सांगेल.

या झोपेतच तिचे खरे मर्म आहे. मे महिन्यात गोगलगाय हलत नाही, पळत नाही, अंडी घालत नाही आणि एकेकटी नसते. एका दगडाखाली दहा-पंधरा, एका बुंध्याच्या ढोलीत वीस-पंचवीस अशा त्या दाटीने बसलेल्या असतात. २०२३ च्या मे महिन्यात मी आणि माझ्या दोन पुतण्यांनी आमच्या धुऱ्यावरचा दगडांचा जुना ढीग एका सकाळी उलटून काढला. सिमेंटच्या दोन गोण्या भरल्या. सगळ्यांच्या तोंडावर तो पांढुरका पापुद्रा होता, आणि शंख एकमेकांवर आपटले की रिकाम्या कवड्यांसारखा आवाज येत होता. त्या खरिपात आमच्या त्या बाजूला गेलेल्या रोपांच्या जागी पुन्हा बियाणे टोकावे लागले नाही. शेजारच्या रानात ढीग तसाच होता, तिथे लागले.

वर्षाचे गणित आता मांडतो. मेअखेरीस रोहिणीत वळवाचा एखादा चांगला पाऊस झाला की पापुद्रे गळू लागतात. मृगात त्या भुकेल्या बाहेर पडतात आणि रात्रभर खातात. त्याच दिवसांत त्यांचे मिलाप होतात. जूनच्या उत्तरार्धात आर्द्रा लागता लागता अंडी जमिनीत जाऊ लागतात. नेमकी याच सुमारास आपल्याकडे सोयाबीनची उगवण असते. पीक वीस-पंचवीस दिवसांचे होऊन दांडा राठ झाला की हानी आपोआप कमी होते आणि शेतकरी गोगलगायीला विसरतो, पण जमिनीखालची पहिली फळी तेव्हा फुटत असते. सप्टेंबर-ऑक्टोबरच्या परतीच्या पावसात ती पिल्ले मोठी होऊन पुन्हा बाहेर दिसतात आणि मग हिवाळा-उन्हाळ्यासाठी दडून बसतात. मृगाच्या आधी वेचलेली एक गोगलगाय म्हणजे काही शे अंडी कमी. तीच आर्द्रा सरल्यावर वेचली तर फक्त एक गोगलगाय कमी. आपली बातमी येते ती पुनर्वसूत, म्हणजे जुलैत.

उपायांबाबत आपल्या पानांवर जे छापून येते त्याविषयीही काही सांगणे जरूर आहे. शेतात मीठ टाकण्याचा सल्ला कृपया छापू नये. मीठ पडलेली गोगलगाय मरते हे खरे, पण मीठ जमिनीतच राहते आणि आपल्या काळ्या, निचरा कमी असलेल्या जमिनीला ते आधीच सोसत नाही. मीठ वापरायचेच तर बादलीतल्या पाण्यात वापरावे आणि वेचलेल्या गोगलगायी त्या दाट द्रावणात किंवा साबणाच्या पाण्यात टाकून, मेल्यावर खड्ड्यात चुना घालून पुराव्यात. मेटाल्डिहाइडच्या गोळ्या परिणामकारक आहेत, मात्र त्या गोगलगायीच्या अंगातला स्राव भरमसाट वाहवून तिला कोरडी पाडून मारतात. गोळी खाल्ल्यावर रात्रभर पाऊस लागला तर पुष्कळशा गोगलगायी ओल शोषून पुन्हा सावरतात. झडीच्या दिवसांत महागड्या गोळ्या टाकून हात चोळत बसलेले शेतकरी मी पाहिले आहेत. शिवाय या गोळ्यांना कोंड्याचा वास असतो, त्यामुळे कुत्री, कोंबड्या आणि वासरे त्या खातात आणि दगावतात. गोळ्या टाकायच्या तर पाऊस उघडलेला पाहून, तिन्हीसांजेला, बांधाच्या कडेने, आणि जनावरे बांधून.

चुन्याच्या फक्कीचे असेच आहे. कोरड्या, ताज्या चुन्याचा चार बोटे रुंद पट्टा गोगलगाय ओलांडत नाही, कारण तो तिचा स्राव सुकवतो आणि तळवा भाजतो. तोच चुना पावसाने भिजून हवेत मुरला की त्याची धार जाते आणि तो साधी चुनखडी होऊन बसतो; भिंतीवरची असली चुनखडी तर ती आवडीने खाते. म्हणजे प्रत्येक मोठ्या सरीनंतर पट्टा नव्याने ओढावा लागतो. या सगळ्यांपेक्षा स्वस्त आणि खात्रीचा उपाय जुनाच आहे. संध्याकाळी गोणपाट गुळाच्या पाण्यात भिजवून बांधालगत ठिकठिकाणी अंथरायचे, आणि उजाडायच्या आत त्याखाली जमलेल्या गोगलगायी वेचायच्या. त्या वासाने येतात आणि ओलीला बसतात, हे वर सांगितलेच. पण एका शेतकऱ्याने हे करून भागत नाही. बांध दोघांचा असतो आणि गोगलगायीला गट क्रमांक समजत नाही. अख्ख्या शिवाराने एकाच आठवड्यात केले तर त्याला अर्थ आहे.

वेचताना हात उघडे नकोत. उंदराच्या फुप्फुसात राहणारी एक कृमी या गोगलगायीच्या अंगात वाढते आणि ती माणसाच्या पोटात गेली तर मेंदूच्या आवरणाला सूज आणू शकते. मुलांना गोगलगायींशी खेळू देऊ नये, हातमोजे नसतील तर प्लास्टिकची पिशवी हाताला बांधावी, आणि पावसाळ्यात शेतातली मेथी-कोथिंबीर कच्ची खाण्याआधी पान न् पान धुवावे. घाबरण्याचे कारण नाही, सवय लावण्याचे आहे.

चिकाटीने हे काम होते का, अशी शंका येणाऱ्यांसाठी अमेरिकेतले एक उदाहरण देतो. १९६६ मध्ये एका मुलाने हवाईहून परतताना अशा तीन गोगलगायी फ्लोरिडातल्या मायामी शहरात आणल्या आणि त्याच्या आजीने त्या बागेत सोडल्या. सात वर्षांत तिथे १८ हजारांहून अधिक गोगलगायी झाल्या. सुमारे दहा लाख डॉलर खर्चून १९७५ च्या सुमारास त्यांचा नायनाट झाला. २०११ मध्ये मायामी परिसरात त्या पुन्हा सापडल्या. या वेळी घरोघर तपासणी झाली, वास काढायला शिकवलेली कुत्री कामाला लावली, आणि १ लाख ६८ हजारांच्या आसपास गोगलगायी वेचून २०२१ मध्ये तो भाग मुक्त जाहीर झाला. पुढच्याच वर्षी फ्लोरिडाच्या दुसऱ्या एका जिल्ह्यात त्या निघाल्याच. आपल्याकडे त्या पावणेदोनशे वर्षे मुरल्या आहेत, तेव्हा समूळ नायनाटाची भाषा मी करणार नाही. त्यांची संख्या पिकाला सोसेल इतकी खाली ठेवणे मात्र नक्कीच आपल्या हाती आहे, आणि ते काम दरवर्षी करावे लागणार आहे.

सोपा मार्ग म्हणून गोगलगाय खाणारी दुसरी गोगलगाय आणून सोडावी, असा विचार अधूनमधून कोणीतरी मांडतो. हवाईने १९५५ मध्ये ते केले. फ्लोरिडातली गुलाबी शिकारी गोगलगाय तिथे सोडली, तिने आफ्रिकन गोगलगायीकडे फारसे लक्ष दिले नाही आणि हवाईच्या जंगलांतल्या, जगात इतरत्र कुठेही नसलेल्या, झाडांवर राहणाऱ्या इवल्या गोगलगायींचा फडशा पाडला. त्यांतल्या एका जातीचा शेवटचा ज्ञात जीव, 'जॉर्ज' नावाची गोगलगाय, १ जानेवारी २०१९ रोजी प्रयोगशाळेत मरण पावला. फ्रेंच पॉलिनेशियातल्या मोओरिया बेटावर हाच प्रयोग १९७७ मध्ये झाला आणि दहा वर्षांत तिथल्या मूळ पार्तुला गोगलगायी रानातून नाहीशा झाल्या. हे वाचताना मला दर वेळी आपला सह्याद्री आठवतो.

कारण आपल्याही गोगलगायी आपल्याच आहेत. पावसाळ्यात कोकणात आणि घाटावर दिसणारी, बटणासारखी चपटी आणि चकचकीत शंखाची गोगलगाय. झाडाच्या सालीला चिकटून उन्हाळा काढणारी गव्हाएवढी गोगलगाय. शंखाच्या तोंडाला झाकण असणारी जात. सिंधुदुर्गातल्या आंबोलीतून २०२१ मध्ये अर्धवट शंख असलेल्या एका गोगलगायीची नवी जातच नव्हे, तर नवी प्रजाती, म्हणजे जवळच्या जातींचा नवा गटच, जगापुढे आली आणि तिचे नाव 'वरदिया आंबोलिएन्सिस' ठेवले गेले. अजून किती शिल्लक असतील! मुंबई आणि घाटमाथ्याच्या परिसरात आढळणारी एक मूळ जात तर शंखाच्या वळणावरूनच ओळखू येते. टोक वर आणि तोंड आपल्याकडे करून शंख धरला तर आफ्रिकन गोगलगायीचे तोंड उजव्या हाताला येते, या जातीचे डाव्या. (देवघरातला दुर्मीळ दक्षिणावर्ती शंख प्राणिशास्त्राच्या हिशेबाने डावखुराच असतो, कारण आपली परंपरा शंख उलट्या बाजूने धरून पाहते, माझ्या वर्गात यावर दरवर्षी वाद होई आणि मला तो फार आवडे.) मूळ जातींतल्या एखाद-दोन कधीमधी भाजीपाल्याला उपद्रव देतात हे मी नाकारत नाही. पण बहुसंख्य गोगलगायी कुजका पाला, बुरशी आणि शेवाळ खातात, आणि त्यांच्यावर कितीतरी जीव जगतात. मृगाच्या आधी भंडारदऱ्याला जे काजवे पाहायला आपण गर्दी करतो, त्यांच्या अळ्या ओल्या पाल्याखाली गोगलगायींचीच शिकार करून वाढलेल्या असतात. रानात आणि देवराईत मीठ-गोळ्या टाकणाऱ्यांनी एवढे ध्यानात घ्यावे.

आफ्रिकन गोगलगायीला आपल्याकडे शत्रूच नाही असेही नाही. भारद्वाज पक्षी, ज्याला आमच्याकडे कुक्कुडकोंबा म्हणतात, तो मोठ्या गोगलगायी आवडीने फोडून खातो. आमच्या विहिरीजवळच्या करंजाखाली एक सपाट दगड आहे आणि त्याभोवती फुटक्या शंखांचा सडा असतो. एक भारद्वाज तिथे रोज सकाळी बसतो. बांधावरची बोरी-बाभळी आणि झुडपे तोडून आपण त्याची घरे मोडली नाहीत, तर आणखी शेतांत तो बसेल.

आपल्याकडे माझी मागणी तीन ओळींत सांगण्यासारखी आहे. येत्या वर्षी २५ मेच्या सुमारास, म्हणजे रोहिणी लागताना, पहिल्या पानावर नाही तर निदान शेतीच्या पानावर गोगलगायीची बातमी द्यावी. तिच्यासोबत ओंजळीतल्या मेलेल्या गोगलगायींचे नव्हे, तर तीन छायाचित्रे असावीत: पापुद्रा लावून दगडाखाली बसलेल्या गोगलगायींचे, साबुदाण्यासारख्या अंड्यांच्या पुंजक्याचे, आणि आफ्रिकन शंखाशेजारी आपल्या चपट्या गोगलगायीचा शंख ठेवून काढलेले. ग्रामपंचायतींनी त्या आठवड्यात शिवारफेरी काढून ढीग आणि बांध तपासावेत असे आवाहन आपण केलेत, तर त्याला शासकीय पत्रकापेक्षा जास्त वजन येईल, कारण गावातल्या पारावर आपला अंक वाचला जातो आणि पत्रक वाचले जात नाही. छायाचित्रे माझ्याजवळ आहेत. आपण कळवलेत तर मी ती मेच्या मध्यापर्यंत पाठवीन. त्यात भारद्वाजाच्या दगडाचेही एक आहे.

आपला नम्र,
एक सोयाबीन उत्पादक व निवृत्त प्राणिशास्त्र शिक्षक,
ता. रेणापूर, जि. लातूर